शिंदेसाहेब टीव्हीवर कधी दिसले, त्याची वही

नातवाला शाळेच्या प्रकल्पासाठी सोलापूरचा माणूस हवा होता. म्हटलं, सुशीलकुमार शिंदे घे. वही कशी भरायची, ते त्याला सांगितलं तसंच सांगतो.

आधी तारखा मांडा, मग क्लिपा शोधा. ३१ जुलै २०१२ घ्या: उत्तर भारतात वीज गेलेली, हे ऊर्जामंत्री, आणि त्याच दिवशी गृहखातं मिळालं! नुसतं नाव टाकलंत तर प्रचारसभांचा ढीग येतो; सोबत 'ग्रिड' (म्हणजे वीजवाहिन्यांचं जाळं) टाका. २१ नोव्हेंबर २०१२ साठी 'कसाब'; मुंबई हल्ल्यातल्या त्या अतिरेक्याला त्या दिवशी फाशी झाली, तेव्हा हे गृहमंत्री. मराठी, हिंदी, इंग्रजी, तिन्हींत शोधा.

यूट्यूबवरची तारीख व्हिडिओ चढवल्याची असते, प्रसारणाची नव्हे. खालची बातमीपट्टी वाचा.

माहितीपटात जास्त सांभाळा. जुनी दृश्यं नुसती लावली असतील तर 'संग्रहित' लिहा. कॅमेऱ्यासमोर बसून बोलले असतील तरच 'मुलाखत'. दोन्ही एका रकान्यात घातलंत की वहीची शेंगाचटणी झाली.

संसदेतल्या भाषणांपुढे तेव्हाच्या वाहिनीचंच नाव हवं. लोकसभा टीव्ही आणि राज्यसभा टीव्ही २०२१ मध्ये एकत्र होऊन संसद टीव्ही झालं. दुव्याशेजारी मिनिट-सेकंद टाका. तासाभराची चर्चा पुन्हा कोण बघत बसणार?