फ्युएल पंप 'गेलाय' म्हणण्याआधी एकदा वायरिंग बघा

पेट्रोल गाडीची चावी फक्त ऑन करा, सेल्फ मारू नका, आणि खिडक्या बंद करून कान द्या. मागच्या सीटखालून दोन-तीन सेकंद बारीक घूंऽऽ येऊन बंद झालं पाहिजे, तो टाकीतला पंप लाइनमध्ये प्रेशर भरतोय. आवाज आला नाही की गॅरेजवाला लगेच म्हणणार "पंप गेलाय साहेब, अख्खी असेंब्ली टाकावी लागेल". टाकतोही तो, आणि मग महिनाभराने परत तेच, कारण पंप ठीक होता, त्याच्यापर्यंत करंटच नीट पोचत नव्हता. म्हणून आधी मोजा आणि मग काय बदलायचं ते ठरवा, एवढंच सांगायचंय. चार-पाचशेचा मल्टिमीटर पुण्यात तपकीर गल्लीत कुठेही मिळतो.

लक्षणं बघा. पंप पूर्ण मेला असेल तर गाडी सुरूच होत नाही, ते सोपं आहे. त्रास देते ती अर्धवट केस, म्हणजे गावात गाडी मस्त चालते आणि भर दुपारी चार माणसं, एसी घेऊन खंबाटकी घाट चढायला लागलात की पिकअप जातो, झटके मारते, पाच मिनिटं बाजूला थांबलं की परत शहाण्यासारखी चालते. हे फिल्टर चोक असला तरी होतं आणि पंपाला व्होल्टेज कमी पडलं तरी होतं. व्होल्टेज पडलं की मोटर हळू फिरते, एमपीएफआय (इंजेक्टरने पेट्रोल फवारणाऱ्या) गाडीला साधारण ३ बार प्रेशर लागतं ते लोडवर टिकत नाही. अजून एक खूण, पंप चालू असताना पेट्रोलचा काटा उगाच हलत असेल तर आधी अर्थवर (अर्थिंग, म्हणजे मायनसच्या वायरीवर) संशय घ्या, कारण बऱ्याच गाड्यांत गेजचा आणि पंपाचा अर्थ एकच असतो.

आता मीटर काढायच्या आधी डोळ्यांनी बघा, निम्म्या केसेस इथेच सापडतात. बाहेरून सिक्युरिटी सिस्टीम बसवलीय का? तिचा इंजिन कट करणारा रिले (छोट्या करंटवर चालणारा स्विच) बऱ्याचदा पंपाच्या नाहीतर इग्निशनच्या वायरीत घुसवलेला असतो, डॅशबोर्डखाली वायर कापून, नुसता पीळ मारून वर काळी टेप. सीएनजी किट असेल तर तिथेही काही फिटर असंच करतात. उन्हाने टेपचा डिंक सुटतो, पावसाळ्यात ओल लागते आणि तांब्यावर हिरवा गंज चढतो. पार्किंगमधल्या घुशींनी वायरी कुरतडलेल्या असतात ते वेगळंच. (सीएनजीवाल्यांनो, टाकीत पेट्रोल बुडाला ठेवून फिरू नका, पंप पेट्रोलमध्ये बुडूनच थंड राहतो.)

काम मोकळ्या हवेत करायचं, सोसायटीच्या बेसमेंटमध्ये अजिबात नाही, पेट्रोलची वाफ तिथे खाली साचून राहते. अग्निशामक सिलिंडर जवळ, सिगारेट लांब, आणि टाकीजवळ सोल्डरिंग गन न्यायचीच नाही.

सुरुवात बॉनेटकडून करा. फ्यूज बघा, काळा पडलाय का तेही बघा. पंपाचा रिले काढून त्याच नंबरचा हॉर्नचा रिले लावून बघा, चालला तर काम तिथेच संपलं. नाही चालला तर रिलेच्या सॉकेटमध्ये ३० म्हणजे बॅटरीकडून येणारी लाइन आणि ८७ म्हणजे पंपाकडे जाणारी, या दोन्हीला १५ अँपिअरचा फ्यूज असलेल्या वायरच्या तुकड्याने जोडा (हाच रिलेचा ब्रिज). पंप घूं करायला लागला तर पंप आणि मागची वायर निदान जिवंत आहे, दोष रिलेच्या कॉइलकडे, ईसीयूकडे (इंजिनचा कॉम्प्युटर) किंवा त्या सिक्युरिटीवाल्याच्या जॉइंटमध्ये. आणि थेट डायरेक्ट द्यायचंच असेल तर ते इथूनच द्या, मागे टाकीवर बसून नाही, कारण जोडताना ठिणगी पडतेच, ती टाकीपासून लांब पडू दे.

तरीही पंप गप्प असेल तर मागची सीट उचला. बऱ्याच गाड्यांत खाली गोल झाकण असतं, काहींत मात्र टाकीच उतरवावी लागते, ते काम गॅरेजला द्या. सीटखाली पिवळ्या वायरी किंवा पिवळा कनेक्टर दिसला तर हात लावू नका, ते एअरबॅगचं प्रकरण आहे. पंपाच्या कनेक्टरमध्ये साधारण दोन जाड आणि दोन बारीक वायरी असतात. जाड पंपाच्या, बारीक पेट्रोल गेजच्या फ्लोटच्या. बारीक वायरींना चुकूनही १२ व्होल्ट द्यायचे नाहीत, तो फ्लोट टाकीच्या आत आहे, कळलं ना.

इथे सगळे फसतात ते असं. कनेक्टर काढून मीटर लावला, १२ व्होल्ट दाखवले, म्हणजे लाइन ओके, पंप खराब, विषय संपला. पण मीटर करंट जवळपास खेचतच नाही, वायरची एकच तार शिल्लक असली तरी तो १२ दाखवणार. म्हणून लोड टाका. जुना एच-४ हेडलाइट बल्ब घ्या, त्याचं ६० वॅटचं फिलामेंट साधारण ५ अँपिअर खातं, म्हणजे छोट्या गाडीच्या पंपाइतकंच. बल्बला लांब वायर जोडून तो गाडीबाहेर ठेवा (चांगला तापतो) आणि पुढे रिलेचा ब्रिज काढलेला असतानाच त्या दोन जाड पिनांना जोडा, मग ब्रिज लावा. लख्ख पेटला तर वायरिंग खरंच ठीक, आता पंपावर संशय घ्या. पिवळट मिणमिणला तर पंप नवीन टाकूनही उपयोग नाही.

गाडी चालत असेल तर अजून बारीक मोजता येतं. कनेक्टर लावलेलाच ठेवून, इंजिन चालू असताना, मीटरची लाल पिन लांब वायरने बॅटरीच्या प्लसला आणि काळी पंपाच्या प्लसला मागून टेकवा. जो आकडा येईल तेवढं व्होल्टेज वाटेत खाल्लं जातंय. अर्ध्या व्होल्टच्या वर गेलं की मी वायर शोधायला घेतो. अर्थच्या बाजूलाही असंच, पंपाचा अर्थ ते बॅटरीचा मायनस, तिथे ०.२ च्या आत हवं. दोन्ही ठीक असून झटके येत असतील तर वायरिंग सोडा आणि रेलवर (इंजेक्टरना पेट्रोल देणाऱ्या पाइपवर) प्रेशर गेज लावून घ्या.

दोष एकाच जॉइंटमध्ये सापडला तर तेवढाच करा, अख्खी वायर ओढायची हौस नको. कनेक्टर वितळलाय, पिना काळ्या पडल्यात तर वायरीसकट तयार कनेक्टर नाना पेठेत मिळतो, जुना नमुना दाखवायला घेऊन जा. वायर मधेच कुठेतरी मेली असेल तरच नवीन टाका. बॅटरीचा मायनस आधी काढा. २.५ स्क्वेअरची (चौरस मिलिमीटर) ऑटो वायर घ्या, घरच्या फिटिंगची उरलेली नको. का २.५? पाच मीटरवर ६ अँपिअरला ती जेमतेम पाव व्होल्ट खाते, १ स्क्वेअरची अर्ध्याच्या वर खाते. रिलेच्या ८७ पासून फायरवॉलच्या रबरी ग्रोमेटमधून आत, दाराखालच्या प्लास्टिक पट्टीतून मागे, पूर्ण वाटेत फ्लेक्झिबल पाइप घालून. पत्र्याच्या धारेवर वायर उघडी घासली तर शॉर्ट ठरलेला. जॉइंट क्रिंप करून (स्लीव्ह पक्कडीने दाबून) वर हीट श्रिंक (तापवली की आवळणारी नळी), टेप नाही. अर्थसाठी बॉडीचा रंग खरवडून चकचकीत पत्रा काढा, लग (वायरीच्या टोकाची रिंग) घट्ट आवळा, वर ग्रीस. जुन्या वायरचं टोक दोन्हीकडून कापून बंद करा, नाहीतर पुढचा वायरमन चक्रावेल.

प्लस-मायनस उलटे झाले तर पंप आवाज करेल पण उलटा फिरेल, प्रेशर येणार नाही आणि तुम्ही दिवसभर डोकं धराल. नवीन गाड्यांत पंपाचा वेग वेगळा कंट्रोलर ठरवतो, तिथे हा उद्योग करू नका.

आणि रिलेला बायपास करून पंप थेट चावीवर किंवा डॅशबोर्डच्या स्विचवर द्यायचा जुगाड कुणी सुचवला तर सरळ नाही म्हणा. इंजिन बंद पडलं की ईसीयू पंप बंद करतो, ते अपघातासाठी असतं. स्विचवरचा पंप गाडी उलटली तरी फुटलेल्या पाइपातून पेट्रोल फेकत राहील.

सगळं झालं की सीट लगेच बसवू नका. परत मीटर लावून आकडे बघा, लिहून ठेवा, मग एसी चालू करून कात्रजचा घाट एकदा चढून या आणि कनेक्टर, रिले, फ्यूज तिन्हीला हात लावून बघा. कोमट चालेल. चटका बसला तर तिथलं क्रिंप परत करा आणि मगच सीट बसवा.