दारूचा ‘माइल्ड’ विकार: निदान कसं करायचं आणि कोड कोणता टाकायचा

डिस्चार्ज कार्डावर ‘माइल्ड अल्कोहोल युज डिसऑर्डर’ आणि त्यापुढे ‘एफ १०.२०’ असं दिसलं की मी ते कार्ड सही न करता परत पाठवतो. अमेरिकेत वापरतात त्या आजारांच्या कोडांच्या यादीत, आयसीडी-१०-सीएममध्ये, या कोडचा अर्थ दारूचं अवलंबित्व. आपल्या रुग्णालयांत चालणाऱ्या, जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० मध्ये त्याच कोडचा अर्थ अवलंबित्व आहे, पण माणूस सध्या पीत नाही. समोर बसलेला पेशंट तर काल रात्रीच सात रस्त्याजवळ पीत बसून आलेला असतो.

ओपीडीत नव्याने बसणारे डॉक्टर, रेकॉर्ड विभागातली मंडळी, सोलापुरात घरी बसून अमेरिकन चार्ट (तिथल्या रुग्णांच्या फाइली) कोड करणारी मुलंमुली आणि आपल्या माणसाच्या कागदावर काय लिहिलंय ते समजून घ्यायचं असलेले नातेवाईक, अशा सगळ्यांसाठी हे लिहितोय. निदान डॉक्टरनेच करायचं असतं. कोडिंग करणाऱ्याने निकष मोजून स्वतः तीव्रता ठरवायची नाही आणि घरच्यांनी तर मुळीच नाही.

चाळणी

दारूच्या सवयींवरची, दहा प्रश्नांची ऑडिट (AUDIT) प्रश्नावली घ्या. एकूण गुण ४० असतात. ८ किंवा जास्त आले तर पुढे चला. रक्ततपासणीत जीजीटी (लिव्हरचं एन्झाइम) आणि एमसीव्ही (तांबड्या पेशींचा सरासरी आकार) वाढलेले असले तर संशयाला बळ मिळतं, पण त्यांच्यावरून निदान होत नाही.

माप

‘किती घेता?’ असं विचारलंत तर उत्तर ठरलेलं: “काय नाय ओ डॉक्टर, आपलं थोडं घेतो की.” त्यापेक्षा बाटली कोणती, किती जणांत संपते आणि आठवड्यातून किती वेळा, हे विचारा. हिशोब सोपा आहे. नेहमीच्या कडक दारूच्या ३० मिलीत साधारण १० ग्रॅम शुद्ध अल्कोहोल असतं. म्हणजे नाइन्टीत (९० मिली) ३० ग्रॅम आणि क्वार्टरमध्ये (१८० मिली) ६० ग्रॅम. ८ टक्क्यांच्या स्ट्राँग बिअरची ६५० मिलीची बाटली ४० ग्रॅमच्या वर जाते. ‘मी फक्त बिअर घेतो’ म्हणणाऱ्याला हा आकडा सांगा. शिंदी किंवा हातभट्टी असेल तर आकडा काढायच्या फंदात पडू नका, ‘प्रमाण अनिश्चित’ असं लिहा.

माप फाइलमध्ये हवंच, पण माइल्ड-मॉडरेट त्यावरून ठरत नाही. ‘थोडीच घेतो ना, मग माइल्ड लिहा’ हा सल्ला मी सीनियर लोकांकडूनही ऐकलाय. तो चूक आहे. डीएसएम-५ मध्ये, म्हणजे अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या निदानाच्या नियमावलीत, तीव्रता निकषांच्या संख्येवर ठरते: एकाच बारा महिन्यांत ११ पैकी २ किंवा ३ भरले तर माइल्ड, ४ किंवा ५ भरले तर मॉडरेट, ६ पासून पुढे सिव्हिअर.

निकष मोजणं

अकरा निकष असे: ठरवल्यापेक्षा जास्त किंवा जास्त वेळ पिणं, कमी करायची इच्छा असूनही न जमणं, दारू मिळवण्यात, पिण्यात आणि त्यातून सावरण्यात बराच वेळ जाणं, तलफ, काम, शाळा किंवा घर यांच्या जबाबदाऱ्या पुन्हा पुन्हा चुकणं, नात्यांत भांडणं होऊनही पीत राहणं, महत्त्वाच्या गोष्टी सोडून देणं, धोक्याच्या ठिकाणी पुन्हा पुन्हा पिणं, शरीराला किंवा मनाला त्रास होतोय हे माहीत असून पीत राहणं, सहनशक्ती वाढणं, आणि दारू थांबली की त्रास होणं.

लोक कुठे घसरतात ते सांगतो. ड्रंक अँड ड्राइव्हचा गुन्हा नोंदला गेला म्हणून निकष भरत नाही. कायद्याच्या अडचणींचा जुना निकष डीएसएम-५ ने २०१३ मध्ये काढून टाकला. पण पिऊन वारंवार गाडी चालवणं मोजायचं, कधीही पकडलं गेलं नसलं तरी. लिव्हरला सूज आहे हे आजच्या सोनोग्राफीत पहिल्यांदा कळलं असेल, तर ‘माहीत असून पीत राहणं’ आज भरत नाही. ते पुढच्या भेटीत बघा. ‘मला चढतच नाही’ ही बढाई झाली. ‘पूर्वी नाइन्टीत व्हायचं, आता क्वार्टर लागते’ हे सहनशक्ती वाढल्याचं लक्षण. आणि पाच वर्षांपूर्वीचा अपघात बारा महिन्यांच्या बाहेर आहे, बायकोने कितीही रंगवून सांगितला तरी.

श्रावणाबद्दल मात्र नक्की विचारा. ‘श्रावणात थेंब शिवत नाही’ हे लोक पुरावा म्हणून सांगतात. महिनाभर जमलं हे चांगलंच, पण मला गटारीनंतरचे पहिले तीन दिवस कसे गेले ते हवं असतं. हात थरथरले का, घाम सुटला का, झोप उडाली का, मळमळ झाली का, चहाची बशी धरता येत होती का? दारू थांबल्यावर काही तासांत ते काही दिवसांत यातली किमान दोन लक्षणं आली असतील तर तो निकष भरला. दुसऱ्या दिवशी सकाळचं डोकं ठणकणं यात मोजू नका. आणि पूर्वी कधी फिट आली असेल किंवा भास झाले असतील, तर निकष किती भरले ते बाजूला ठेवा. त्या माणसाला ‘उद्यापासून बंद करा’ असं सांगून घरी पाठवायचं नाही. त्याला रुग्णालयात पाठवा.

कोड: इथे थांबा आणि दोनदा मोजा

मला स्वतःला ही पायरी पचायला बराच काळ लागला, कारण शिकवताना कोणी हे धड सांगत नाही. बहुतेक ठिकाणी एक तक्ता चिकटवलेला असतो: माइल्ड म्हणजे एफ १०.१, मॉडरेट-सिव्हिअर म्हणजे एफ १०.२. अमेरिकन चार्टसाठी तो तक्ता चालतो. तिथे डॉक्टरने ‘माइल्ड’ लिहिलं की एफ १०.१०, विषय संपला. आपल्या कागदावर तो तक्ता चालत नाही. कारण आयसीडी-१० मध्ये ‘माइल्ड’ असा खानाच नाही. तिथे एफ १०.१ म्हणजे हानिकारक सेवन आणि एफ १०.२ म्हणजे अवलंबित्व, आणि दोन्हींचे निकष डीएसएमपेक्षा वेगळे आहेत.

तीन माणसं घ्या. तिघांचंही डीएसएमनुसार निदान माइल्डच आहे.

पहिला यंत्रमागावर काम करणारा, चाळिशीतला. पगाराच्या दिवशी नाइन्टी घ्यायची ठरवतो आणि क्वार्टर संपवतो. पूर्वीपेक्षा जास्त लागते. दुपारी खटखटाट चालू असताना संध्याकाळच्या पेल्याचीच तीव्र इच्छा मनात घोळत असते. खाडा नाही, भांडण नाही, लिव्हर ठीक. तीन निकष, म्हणजे माइल्ड. आता आयसीडी-१० चे अवलंबित्वाचे सहा निकष काढा: तीव्र इच्छा, ताबा सुटणं, थांबल्यावर त्रास, सहनशक्ती वाढणं, इतर आवडीनिवडी मागे पडणं, हानी दिसूनही पीत राहणं. वर्षभरात तीन भरले की अवलंबित्व. याचे तीन भरतात. म्हणजे अमेरिकन पुस्तकात एफ १०.१०, आपल्या पुस्तकात एफ १०.२, आणि सध्या पीत असल्यामुळे पूर्ण कोड एफ १०.२४.

दुसरा नवी पेठेतला दुकानदार. आठवड्यातून दोनदा अक्कलकोट रस्त्यावरच्या ढाब्यावर बसतो आणि स्कूटर चालवत घरी येतो. त्यावरून घरी कायम वाद, तरी थांबत नाही. दोन निकष, माइल्ड. आयसीडी-१० मध्ये मात्र हानिकारक सेवन लिहायला शरीराची किंवा मनाची प्रत्यक्ष हानी लागते, आणि नवरा-बायकोची भांडणं किंवा अटक हा त्याचा पुरावा मानायचा नाही असं त्यात स्पष्ट म्हटलंय. म्हणून याला एफ १०.१ लागत नाही. झेड ७२.१, म्हणजे ‘मद्यसेवन’, एवढंच लावा आणि गाडीचा धोका शब्दांत लिहा. हे पटत नाही, असं मला नेहमी ऐकावं लागतं. पटो न पटो, पुस्तकात तसंच आहे.

तिसऱ्याला फॅटी लिव्हर आहे, ते दारूमुळे आहे हे त्याला वर्षापूर्वीच सांगितलंय, तरी पितो आणि ठरवल्यापेक्षा जास्त पितो. दोन निकष, माइल्ड. आयसीडीतले अवलंबित्वाचे दोनच भरतात, पण हानी उघड आहे. याला एफ १०.१, सोबत लिव्हरसाठी के ७०.०. भिंतीवरच्या तक्त्याप्रमाणे बरोबर येणारा तिघांपैकी हा एकटाच.

माझं ठाम मत असं की फाइलमध्ये आधी भरलेले निकष शब्दांत लिहावेत, मग तीव्रता, मग कोणतं पुस्तक, आणि शेवटी कोड. नुसता कोड लिहिलेली फाइल दुसऱ्या डॉक्टरच्या हातात पडली की निरुपयोगी होते. आयसीडी-११ वर जाणाऱ्या रुग्णालयांना हे आणखीच लागेल. तिथे हानिकारक पद्धतीने पिण्याचा कोड ६सी४०.१, अवलंबित्वाचा ६सी४०.२ आणि धोकादायक सेवनाचा क्यूई१०. हानीत दुसऱ्याच्या तब्येतीचं नुकसानही धरलं जातं, त्यामुळे आपल्या दुकानदाराच्या स्कूटरने उद्या कुणाला जखमी केलं तर त्याचा खाना बदलू शकतो.

बाकीच्या गोष्टी

दारूमुळेच आलेलं नैराश्य सोबत असेल तर अमेरिकन पुस्तकात एकच जोड-कोड: एफ १०.१४. एफ १०.१० वेगळा टाकू नका. एकाच चार्टमध्ये डॉक्टरने अब्युज (गैरवापर, एफ १०.१) आणि डिपेंडन्स (अवलंबित्व, एफ १०.२) दोन्ही लिहिलं असेल तर डिपेंडन्सच कोड करा. ‘सोशल ड्रिंकर’ एवढंच लिहिलं असेल तर तुमच्या मनाने विकार जोडू नका, डॉक्टरला विचारा.

“साहेब, कोड जरा बदला ना, क्लेम अडकतोय,” असं म्हणत नातेवाईक रेकॉर्ड विभागात येतात. अनेक विमा पॉलिसींत व्यसनाचे उपचार वगळण्याचं कलम असतं, त्यामुळे त्यांची अडचण खरी आहे. तरी कोड बदलायचा नाही. २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्यात दारूशी निगडित मानसिक अवस्था मानसिक आजाराच्या व्याख्येत येतात आणि विम्यात शारीरिक आजारांसारखीच वागणूक मिळण्याची तरतूदही आहे. विमा कंपनीकडे लेखी दाद मागा. त्याच कायद्याने माहिती गुप्त ठेवणं बंधनकारक आहे. पेशंटचा मालक कोड विचारायला आला तर त्याला तो सांगायचा नाही.

तीन महिन्यांनी फाइल पुन्हा उघडा. तलफ सोडून एकही निकष उरला नसेल तर त्याला ‘अर्ली रेमिशन’, म्हणजे विकार ओसरल्याची सुरुवात, म्हणतात आणि अमेरिकन चार्टवर एफ १०.११. बारा महिने तसेच गेले तरी कोड तोच राहतो, फक्त ‘अर्ली’च्या जागी ‘सस्टेन्ड रेमिशन’ लिहायचं. आपल्या पुस्तकात वरच्या यंत्रमागवाल्याने पिणं पूर्ण थांबवलं असेल तरच त्याचं एफ १०.२४ तेव्हा एफ १०.२० होईल. दुकानदाराच्या झेड ७२.१ ला असं काही नसतं. त्याची फाइल नुसती तारीख टाकून बंद करा.