कल्हईवाल्याची जादू कशी रचावी

कथेत जादू आणायची म्हटलं की मंत्र, कांडी आणि पांढऱ्या दाढीचा म्हातारा हे तिघे न बोलावता येऊन बसतात. त्यांना बाजूला ठेवून रोजच्या कामधंद्यातून जादू उभी करायची असेल, तर आधी धंदा नीट बघावा लागतो. शक्ती मागाहून सुचतात. धंद्यातही कारागिराला काय जमतं यापेक्षा माल त्याला कुठे दाद देत नाही, ते बघा. जादूचे नियम तिथेच सापडतात.

पहिली पायरी: धंदा निवडा

बारा बलुतेदारांना बारा शक्ती वाटून द्यायचा मोह होतो. यादी छान दिसते, कथा मात्र तिथेच अडते. एक, फार तर दोन धंदे घ्या, आणि तेही डोळ्यांनी बघता येतील असे. पुण्यात असाल तर कसबा पेठेतली तांबट आळी आहे. गावाकडे कुंभाराचा आवा किंवा लोहाराचा भाता. हत्यारांची नावं लिहून घेण्याआधी तीन गोष्टी टिपा: कारागीर हात कुठे थांबवतो, कशाला भितो आणि काय टाकून देतो.

दुसरी पायरी: मालाच्या स्वभावातून नियम काढा

तांबं ठोकलं की कडक होतं. मठारकामात भांड्यावर हातोडीचे ठोके ओळीने पडतात, ते दिसायला सुरेख असतातच, पण त्यांनी पत्रा मजबूतही होतो. मात्र ठोकतच राहिलं तर तो तडकतो. म्हणून घडवताना मध्येच तांबं लाल होईपर्यंत तापवून मऊ करून घ्यावं लागतं. आता लोहाराकडे चला. पोलाद लाल तापवून पाण्यात बुडवलं की कडक होतं. तांबं तसंच तापवून तसंच बुडवा, ते मऊच राहतं.

विस्तव तोच, पाणी तेच, परिणाम उलटा. एवढ्यावर एक कथा उभी राहू शकते. समजा तुमच्या गावात हे दोघे माणसांच्या मनावर काम करतात. तांबटाच्या प्रत्येक ठोक्याने माणूस धीट होतो, पण तडकण्याच्याही जवळ जातो. त्याला मऊ करायचं तर तापवावं लागतं, आणि त्यात कमावलेलं धैर्य जातं. लोहाराकडे तापून निघालेला माणूस मात्र कणखर होतो. आता मुलगा गमावलेल्या एका बाईला घाईघाईत चुकीच्या दारात नेलं, असं लिहून बघा.

तिसरी पायरी: काय परत फिरवता येतं, ते ठरवा

इथे कुंभार कामाला येतो. कच्चं मडकं पाण्यात टाकलं की त्याचा पुन्हा चिखल होतो, आणि त्याच मातीचं दुसरं काही घडवता येतं. एकदा भाजलं की माती होणं नाही. फुटलं तर खापर. म्हणजे शब्द दिला, शाप दिला, तरी आवा लागेपर्यंत तो मागे घेता येईल. आव्यात मडकी एकत्रच भाजली जातात, त्यामुळे एकाचा शाप पक्का करताना शेजारच्याचा आशीर्वादही पणाला लागतो. पावसाळ्यात काय करायचं, हा प्रश्न वेगळाच. भाजलेल्याचा कस आवाजावरून कळतो. गोरोबाकाकांनी थापटण्याने संतांची डोकी तपासून नामदेवांना कच्चं ठरवल्याची आख्यायिका आपल्याकडे आहेच, तेव्हा वाचकाला हे पटवायला फार खटपट नको.

चौथी पायरी: जादू उतरू द्या

ही पायरी माझ्या सर्वांत आवडीची, कारण बहुतेक लेखक ती विसरतात. पितळेचं भांडं घासून तापवायचं, नवसागर टाकायचा, कथील लावायचं आणि कापसाच्या बोळ्याने फिरवायचं: पांढरा धूर उठतो आणि भांडं आतून चांदीसारखं होतं. कथील २३२ अंश सेल्सिअसलाच वितळतं, त्यामुळे साध्या भट्टीवरही हे काम होतं. पण हा थर पातळ असतो. रोजच्या घासण्याने तो जातो, आणि मग एके दिवशी ताक कळकतं.

संरक्षणाचा मंत्र असाच झिजणारा ठेवा. तो संपल्याचं आकाशवाणीने कळू नये, घरातलं काहीतरी नासल्यावर कळावं. मग आळीत कल्हईवाल्याची हाक कधी येते, याकडे सगळ्यांचे कान लागतात, आणि त्या फिरत्या माणसाला न मागता सत्ता मिळते. पुढचा प्रश्नही तयार आहे: स्टीलची भांडी आली तेव्हा त्याचं काय झालं? तुमच्या जगातलं स्टील कोणतं?

पाचवी पायरी: मोबदला आणि हक्क

जादूची किंमत म्हणून मांत्रिकाला थकवा येणं, नाकातून रक्त येणं हे फार झालं. बलुतं बघा. वर्षभर काम करायचं आणि सुगीत खळ्यावर धान्याचा वाटा घ्यायचा. हिशेब कामागणिक मिटत नाही, म्हणून उपकार, रुसवे आणि अडवणूक वर्षभर साचत राहतात. कथेला याहून काय हवं?

पण इथे सांभाळून. ही व्यवस्था जन्मावर उभी होती. ‘शक्ती रक्तातच असते’ हा नियम या धंद्यांना लावलात, तर तुम्ही जातच लिहिताय, नाव काहीही द्या. महार वतनातल्या राबणुकीविरुद्ध डॉ. आंबेडकरांनी १९२८ मध्ये मुंबईच्या कायदेमंडळात विधेयक आणलं. कनिष्ठ गाव-वतनं रद्द करणारा कायदा व्हायला १९५८ उजाडलं. गोड गोड गावगाडा रंगवण्यापेक्षा विद्या कोणाला शिकवली जाते आणि कोणाला दाराबाहेर ठेवतात, ते ठरवा. बऱ्याच ठिकाणी माती मळणं बाईचं काम, पण चाकावर तिने बसायचं नाही, असा रिवाज होता. ती रात्री चाक फिरवते तेव्हा काय घडतं?

सहावी पायरी: तपासा

जादू फसते असा एक प्रसंग लिहा आणि त्या धंद्यातल्या माणसाला वाचून दाखवा. काम कसं बिघडलं, हे त्याने तुमच्याआधी ओळखलं पाहिजे. मग कारागिराच्या तोंडी ‘जादू’ हा शब्द जिथे जिथे आला असेल तिथे खोडा. तो म्हणेल, “वहिनी, आज नाही जमायचं. कोळसा भिजलाय, सोमवारी आणा.”