ठासणीची एनफिल्ड बंदूक चालवताना या चुका टाळा

आमच्या घरची एनफिल्ड, म्हणजे तोंडातून दारू-गोळी ठासून भरायची इंग्रजी बंदूक, आबाजींकडून बाबांच्या आणि मग माझ्या परवान्यावर आली. दसऱ्याला ओसरीत उभी करून तिची पूजा होते. एका वर्षी पूजेनंतर ती उडेचना. घोड्याखाली ठिणगी पाडणाऱ्या टोप्या फुटत होत्या, पण आत दारूपर्यंत आग पोचत नव्हती. शेवटी नळीत पाणी ओतून दारू निकामी केली, ठासायच्या गजाला स्क्रू लावून गोळी ओढली, तर बुडातून निघाले हळदीचे तांदूळ. पूजेच्या अक्षता! पुतण्या म्हणाला, "काकाजी, हिनं तर प्रसादच खाल्ला."

तेव्हापासून भरण्याआधी मी नुसती टोपी लावून, नळीचं तोंड वाळल्या गवताजवळ धरून चाप ओढतो. गवत हललं की वाट मोकळी.

पण त्याही आधी गज. रिकाम्या नळीत गज बुडापर्यंत घाला आणि नळीच्या तोंडाशी त्यावर रेघ मारा. नेहमीची दारू आणि गोळी बसल्यावर दुसरी रेघ. एवढ्या दोन रेघांवर बरेच अपघात टळतात. भरल्यावर ही दुसरी रेघ नळीच्या तोंडाच्या वर राहिली तर एक तर गोळी दारूवर टेकलेली नाही, नाहीतर आत आधीचाच बार पडून आहे. मध्ये पोकळी राहिली की नळी फुगते, फाटतेही. आणि दोनदा भरणं काही आपल्या विसरभोळ्या गड्याचीच चूक नव्हे. जुलै १८६३ मध्ये अमेरिकेत गेटिसबर्गच्या लढाईनंतर रणातून सुमारे २७,५०० बंदुका गोळा केल्या, त्यात २४,००० च्या आसपास भरलेल्या निघाल्या, आणि त्यातल्या निम्म्यांत दोन-दोन बार! गोंधळात टोपी लावायची राहिली किंवा बार झालाच नाही, हे त्यांना कळलंच नसावं. म्हणून रेघ पाहिल्याशिवाय टोपी लावू नका.

चाप ओढला आणि बार झाला नाही, तर बंदूक लगेच खाली घेऊन डोकावू नका. नेम तसाच ठेवून मिनिटभर थांबा. ठिणगी कधीकधी उशिरा पोचते. मग टोपी बसते त्या निप्पलचं भोक तारेनं साफ करून नवी टोपी लावा.

दारूच्या बाबतीत मी कोणाचं ऐकत नाही. फक्त काळी दारू. बारा बोअरच्या काडतुसातली बिनधुराची दारू किंवा सुतळी बॉम्ब फोडून काढलेली भुकटी या नळीत घालणं म्हणजे तोंडाशी बॉम्ब धरणं. इंग्रजांच्या फौजेत एका बाराला अडीच ड्रॅम, म्हणजे साधारण साडेचार ग्रॅम दारू असे. दीडशे वर्षांच्या नळीला तेवढी देऊ नका, आणि आधी जाणत्या बंदूक-कारागिराला दाखवा. मोठ्या डब्यातून थेट नळीत ओतायचं नाही. आत निखारा राहिला असेल तर डबाच पेटतो. छोट्या मापानं घाला.

"नेमच लागत नाही" ही तक्रार गावोगाव ऐकतो. बहुतेक वेळा दोष नेमबाजाचा नसतो. १८५३ च्या नमुन्याची एनफिल्ड .५७७ बोअरची, म्हणजे नळीची आतली रुंदी .५७७ इंच, आणि ३९ इंची नळीची. आत पिळाच्या तीन खाचा. गोळीचं बूड पोकळ, ते दारूच्या दाबानं फुगून त्या खाचांत रुतायचं, म्हणून ती लांबवर नेमकी जायची. हिचीच चरबी लावलेली कागदी काडतुसं दातांनी तोडण्यावरून १८५७ पेटलं. त्यानंतर इंग्रजांनी हिंदी शिपायांच्या हाती दिल्या त्या खाचा घासून काढलेल्या, सुमारे .६५ बोअरच्या गुळगुळीत नळ्या. नेम धरायची मागची वरखाली होणारी माशीही काढून एक स्थिर ठोकळा बसवला. बाहेरून तीच एनफिल्ड! अशा नळीत .५७७ ची गोळी घरंगळत जाते आणि कुठेही लागते. आधी बॅटरीनं आत खाचा आहेत का बघा आणि बोअर मोजून घ्या. घासल्यामुळे नळी पातळही झालेली असते.

आता परवाना. "पुरातन वस्तू आहे, परवाना कशाला?" असं म्हणणारे भेटतात. शस्त्र अधिनियम १९५९ च्या कलम ४५ मधली सूट दुरुस्त करूनही उडू न शकणाऱ्या जुन्या शस्त्रापुरती आहे. तुमची उडते ना, मग परवाना हवा. लग्नात, पोळ्याला हवेत बार काढून कोणाचा जीव धोक्यात घातला तर २०१९ च्या दुरुस्तीनं दोन वर्षांपर्यंत कैद किंवा लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही. डुकराच्या राखणीला ठासून ठेवलेली बंदूक सकाळी मचाणावरून उतरवण्याआधी रिकामी करा. खुंटीला भरलेली टांगू नका. घरात पोट्टे असतात.

शेवटची चूक आपल्या विदर्भाची खास. मे महिन्यात पंचेचाळीस अंश तापतं, म्हणून लोक धुणं उद्यावर टाकतात. काळ्या दारूची काजळी हवेतला ओलावा ओढते, जूनची पहिली सर आली की नळी आतून खाल्ली जाते. त्याच संध्याकाळी गरम पाण्यानं धुवा, कोरड्या चिंध्या फिरवा, मग तेलाचा हात. तेल मात्र जवसाचं नको. ते सुकून राळेसारखं चिकटतं. लाकडी दस्त्याला तेच जवसाचं तेल उत्तम, इंग्रजही तेच लावत. दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा एक पांढरी चिंधी आत फिरवून काढा. तांबूस निघाली तर पाणी परत तापत ठेवा.