इन्सुलिनचा स्टॉक (साठ्याचं दाट द्रावण) करायला बसण्यापूर्वी

उद्या एल-६ या उंदीरवर्गीय (रॅट) स्नायूपेशींना रिकॉम्बिनंट मानवी इन्सुलिन द्यायचं असेल, तर तयारी आजच लागते. पेशी पुण्याच्या एनसीसीएस या पेशीविज्ञान संस्थेतून आणलेल्या असोत किंवा शेजारच्या लॅबमधून, आधी त्यांची तब्येत पाहून घ्यावी. मग व्हायलवरचं लेबल नीट वाचावं: लॉट नंबर, मुदत, पावडरीत जस्त आहे का, आणि पुरवठादाराने ते कशात विरघळवायला सांगितलंय. हा माल फक्त संशोधनासाठी असतो. माणसाला टोचायचा नाही, हे नवीन आलेल्या प्रत्येकाला पहिल्याच दिवशी स्पष्ट सांगावं.

व्हायल उणे २० अंशांतून काढली की लगेच उघडू नये. खोलीच्या तापमानाला येऊ द्यावी, नाहीतर हवेतली ओल पावडरीवर बसते आणि वजन चुकतं.

खरा वेळ जातो तो विरघळवण्यात, आणि तिथेच घाई होते. इन्सुलिनचा समविद्युत बिंदू, म्हणजे जिथे रेणूवरचा एकूण विद्युतभार शून्य होतो आणि तो सर्वात कमी विरघळतो तो पीएच, ५.३ च्या आसपास; त्यामुळे साध्या बफरमध्ये पावडर टाकली तर पांढुरका गढूळपणा तसाच राहतो. ०.०१ नॉर्मल हायड्रोक्लोरिक आम्ल आधी तयार ठेवावं आणि मिलिलीटरला २ मिलिग्रॅम या हिशेबाने व्हायलमध्ये घालावं. मग ट्यूब हलकेच उलटसुलट करत राहावं. व्होर्टेक्सवर (ट्यूब जोरात घुसळणाऱ्या यंत्रावर) अजिबात धरू नये: हवेचे बुडबुडे आणि हादरे यांनी रेणू एकमेकांना चिकटून तंतू बनतात, आणि असं इन्सुलिन काम करत नाही. उजेडासमोर धरल्यावर द्रावण पाण्यासारखं नितळ दिसलं, तरच पुढे जावं. नंतर प्रथिनं कमी धरणारा ०.२२ मायक्रॉनचा फिल्टर वापरावा. स्टॉक फ्रीजमध्ये २ ते ८ अंशांत ठेवावा. गोठवून पुन्हा वितळवण्याच्या फेऱ्या नकोत.

हिशेब आदल्या दिवशीच वहीत मांडावा. रेणुभार ५८०८, म्हणजे १०० नॅनोमोलर म्हणजे मिलिलीटरला ०.५८ मायक्रोग्रॅम. जुन्या पेपरात युनिट दिली असतील, तर १ मिलिग्रॅमला सुमारे २८ धरावीत. इतकं पातळ द्रावण प्लॅस्टिकला आणि काचेला चिकटतं, हे फार जण विसरतात. म्हणून शेवटचं डायल्यूशन ०.१ टक्का बीएसए (गाईच्या रक्तातलं अल्ब्युमिन प्रथिन) असलेल्या मीडियममध्ये, ऐनवेळी करावं. डीटीटी किंवा मरकॅप्टोइथेनॉल या क्षपणकारक रसायनांशी इन्सुलिनची गाठ पडू देऊ नये, कारण इन्सुलिनच्या अ आणि ब साखळ्यांना धरून ठेवणारे डायसल्फाइड बंध त्यांनी तुटतात.

पेशींना काही तास सीरमशिवाय ठेवायचं. सीरममधली वाढघटकं आधीच एकेटी (इन्सुलिनचा संदेश पेशीत पुढे नेणारं प्रथिन) जागं करून ठेवतात आणि मग फरक दिसत नाही. पी-एकेटी, म्हणजे फॉस्फेट लागून जागं झालेलं एकेटी, पाहायचं असेल तर १० मिनिटांचा टायमर, बर्फ आणि फॉस्फेटेज इनहिबिटर (फॉस्फेट निघून जाऊ न देणारं रसायन) घातलेला, पेशी फोडणारा लायसिस बफर हाताशी हवा. आणि एक प्लेट नुसत्या आम्लाची, इन्सुलिनशिवाय, तेवढ्याच आकारमानाची. माझ्या मते हा कंट्रोल नसेल तर ब्लॉट (पी-एकेटी मोजणारी वेस्टर्न ब्लॉट चाचणी) चालवूच नये.