इंजेक्शनची भीती मुलांच्या मनात कशी बसते आणि ती कशी उतरवावी

दीड वर्षाच्या मुलाला लस देऊन आणले आणि पुढे केस कापायला नेल्यावर न्हाव्याने पांढरे कापड झटकताच त्याने आकांत मांडला, तर त्याला हट्टी ठरवण्यापूर्वी त्याच्या मनात कशाशी काय जुळले आहे ते पाहावे. सुई टोचली की दुखते, हे कोणाला शिकवावे लागत नाही. स्पिरिटचा वास, पांढरा कोट, स्टीलच्या ट्रेचा खणखणाट, दंड घट्ट धरणारे हात यांत मात्र मुळात भिण्यासारखे काही नसते. या गोष्टी वेदनेच्या क्षणभर आधी येतात, त्यामुळे त्या वेदनेची वर्दी ठरतात आणि पुढे सुई नसतानाही नुसत्या वर्दीनेच छाती धडधडू लागते. मानसशास्त्राच्या मराठी पाठ्यपुस्तकांत या शिकण्याला ‘अभिजात अभिसंधान’ म्हणतात. रशियन शास्त्रज्ञ इव्हान पावलोव्ह यांनी ते खाण्याची वर्दी मिळताच कुत्र्यांना सुटणाऱ्या लाळेवरून दाखवले होते.

भीतीही अशीच शिकवता येते, हे अमेरिकन मानसशास्त्रज्ञ जॉन वॉटसन आणि रोझाली रेनर यांनी १९२० मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगातून पुढे आले. अल्बर्ट नावाने ओळखले जाणारे सुमारे अकरा महिन्यांचे बाळ पांढऱ्या उंदराला हात लावू लागले की त्याच्या डोक्यामागे पोलादी दांड्यावर हातोडा आपटला जाई. थोड्याच वेळा असे घडल्यावर नुसता उंदीर दिसताच बाळ रडू लागले आणि मग ससा, कुत्रा, केसाळ कोट यांनाही बिचकू लागले. एका गोष्टीची भीती तिच्यासारख्या दुसऱ्या गोष्टींवर पसरते, याला सामान्यीकरण म्हणतात; पांढऱ्या कोटाची भीती न्हाव्याच्या कापडापर्यंत पोहोचते ती यानेच. अल्बर्टची भीती घालवण्याचा प्रयत्न झालाच नाही, आणि असा प्रयोग आज कोणतीही नीतिसमिती मान्य करणार नाही. पालकांच्या कामाची गोष्ट त्यानंतरची आहे. मानसशास्त्रज्ञ मेरी कव्हर जोन्स यांनी १९२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात पीटर नावाच्या सुमारे तीन वर्षांच्या मुलाची सशाची भीती घालवली, ती समजुतीच्या शब्दांनी नव्हे. पीटर आवडीचा खाऊ खात असताना पिंजऱ्यातला ससा दूर ठेवायचा आणि मूल निवांत आहे असे पाहून हळूहळू जवळ आणायचा, असा तो क्रम होता. शेवटी पीटर सशाला कुरवाळू लागला.

घरी हेच करायचे असेल, तर आधी मूल नेमके कशाला घाबरते ते पाहावे. काही मुले सुईपेक्षा वासाला बिथरतात, काहींना झोपवून धरणेच असह्य होते. आपल्या मुलाच्या खुणा ओळखून त्या सर्वांत सौम्य ते सर्वांत कठीण अशा क्रमाने कागदावर उतरवाव्यात. खेळण्यातला डॉक्टरचा संच, स्पिरिट लावलेला कापसाचा बोळा, औषधाच्या दुकानातून आणलेली बिनसुईची सिरिंज, नागपूरच्या धंतोली भागातल्या दवाखान्यासमोरून स्कूटरवरून नुसती चक्कर, पायऱ्यांवर बसणे, आत जाऊन वजनकाट्यावर उभे राहून परत येणे, आणि मग तपासणीचा पलंग, अशी ती साखळी होऊ शकते. बिनसुईच्या सिरिंजची पिचकारी करून पाणी उडवू दिले, तर ही पायरी बहुतेक मुले हसत चढतात.

प्रत्येक पायरीला मुलाच्या आवडीची एखादी गोष्ट जोडायची आहे. नागपुरात संत्रा बर्फी हाताशी असते, म्हणून तिचेच उदाहरण घेऊ. इथे क्रम चुकला की सगळे फिसकटते. आधी बोळ्याचा वास आणि लगेच नखाएवढा बर्फीचा तुकडा, असे झाले तर वास ही बर्फीची वर्दी ठरते. उलट आधी बर्फी हातावर ठेवून मागून बोळा पुढे केला, तर बर्फीच संशयास्पद होते आणि डबा उघडताच मूल दाराकडे पळते. तुकडा लहानच असावा, म्हणजे पाच-सहा वेळा देता येतो. मुलाला ताप-मळमळ असताना मात्र हा खाऊ देऊ नये. खाणे आणि मळमळ यांत काही तासांचे अंतर असले तरी एकाच अनुभवातून त्या चवीचा तिटकारा बसू शकतो, हे मानसशास्त्रज्ञ जॉन गार्सिया यांच्या संशोधनातून दिसले आहे.

मूल अंग आखडू लागले, श्वास रोखू लागले किंवा त्याने तुमची कॉलर मुठीत धरली, तर पायरी मोठी झाली असे समजावे आणि एक पायरी मागे यावे. रडणे टिपेला असताना उचलून थेट घरी आणू नये, कारण मग सुटका हेच रडण्याचे बक्षीस होते. दाराबाहेर, जिथे ते शांत होते तिथपर्यंत यावे, तिथे थोडा वेळ घालवावा आणि मग निघावे. ‘एकदाचे होऊन जाऊ दे’ म्हणून चौघांनी धरून ठेवण्याची आपल्याकडची रीत वेळ वाचवते खरी, पण पुढच्या वेळेसाठी चौघांचे सहा करावे लागतात.

घरात शांत राहणारे मूल दवाखान्यात पुन्हा घाबरले, तर मेहनत वाया गेली असे मानू नये. भीती विझते तेव्हा जुनी जुळणी पुसली जात नाही. तिच्यावर नवी जुळणी बसते, आणि ही नवी जुळणी जागेला बांधलेली असते. म्हणून सराव दोन-तीन ठिकाणी करावा. उन्हाळ्याच्या सुट्टीत आजोळी राहून आल्यावरही जुनी भीती डोके वर काढते. तेव्हा खालच्या पायऱ्या पुन्हा घेतल्या की पूर्वीपेक्षा लवकर जमते. राष्ट्रीय लसीकरण वेळापत्रकात १६ ते २४ महिन्यांच्या बूस्टरनंतर पुढचा डीपीटी (घटसर्प, डांग्या खोकला, धनुर्वात) बूस्टर मूल ५ ते ६ वर्षांचे असताना असतो. मधला काळ सरावाला पुरेसा आहे, आणि तो सहसा नुसता निघून जातो.

या काळात घरातल्या बोलण्याकडेही लक्ष द्यावे. ‘चूप राह, नाही तं डॉक्टर सुई टोचतीन’ हे वाक्य दिवसातून दोनदा ऐकणाऱ्या मुलाला सुईचा अनुभव नसला तरी भीती शिकवली जातेच.

प्रत्यक्ष लशीच्या दिवशी ‘काही दुखणार नाही’ असे सांगू नये. ‘थोडे टोचेल, मग संपेल’ असे खरे सांगावे. मुलाला आडवे न पाडता मांडीवर सरळ बसवून धरावे. त्वचा बधिर करणारे मलम वापरायचे असल्यास डॉक्टरांना आधी विचारावे, कारण ते साधारण तासभर आधी लावावे लागते. सुई निघताच बर्फी हातात द्यावी.

सुई किंवा रक्त पाहून चक्कर येणाऱ्या मोठ्या मुलांची गोष्ट वेगळी आहे. त्यांचा रक्तदाब एकदम उतरतो, म्हणून त्यांना अंग सैल सोडायला सांगणे उलटे पडते. ज्या हातात सुई नाही त्या हाताचे आणि पायांचे स्नायू दहा-पंधरा सेकंद घट्ट आवळायचे, सोडायचे, पुन्हा आवळायचे, असे त्यांच्याकडून आधीच करवून घ्यावे. आवश्यक उपचारही टाळण्याइतकी भीती असेल, तर घरच्या पायऱ्यांवर विसंबू नये. मेडिकलच्या, म्हणजे नागपूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या, मानसोपचार विभागात दाखवावे किंवा टेली-मानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी हेल्पलाइनच्या १४४१६ या मोफत क्रमांकावर बोलावे.