पळबिचवा: गेमसाठी काळ अडवणारं हत्यार कसं बनवायचं

डी अँड डी (डंजन्स अँड ड्रॅगन्स) सारख्या टेबलावर बसून गोष्ट खेळायच्या गेममध्ये काळाशी खेळणारं हत्यार आणायचं म्हटलं की बहुतेक डीएम, म्हणजे गेम चालवणारे, आधी त्याची पावर ठरवतात, हे मागं नेतं, हे थांबवतं, हे समोरच्याला म्हातारं करतं वगैरे, आणि मग दोन-तीन सेशननी लक्षात येतं की आता कुणी मरतच नाहीये कारण काही बिघडलं की पार्टी, म्हणजे प्लेयर्सच्या पात्रांचा गट, लगेच मागं जाते. म्हणून उलटं करा, ते कधी चालणार नाही हे आधी ठरवा. माझ्या जगातला पळबिचवा घेऊन सांगतो, आवडला तर सरळ उचला.

जग एका ओळीत: उदकखोरं, तिथं पाण्याला वय असतं, नव्या झऱ्याच्या पाण्यात काही दम नाही पण शंभर वर्षं न उपसलेल्या विहिरीचं पाणी काळ धरून ठेवतं. बस एवढंच सांगा प्लेयर्सना, पुराण लावत बसू नका.

आता हत्यार. बिचवा म्हणजे आपला तो वळणदार पात्याचा खंजीर, मुठीला पकडायला कडं असतं तो. याच्या मुठीला एक छोटी तांब्याची वाटी अडकवलेली, बुडाला बारीक भोक. आयडिया घटिकापात्रावरून घेतलीय, पूर्वी लग्नाचा मुहूर्त बघायला वापरायचे ते, पाण्याच्या भांड्यात भोकाची वाटी सोडायची, पाणी आत शिरत शिरत ती बुडाली की एक घटका झाली, म्हणजे 24 मिनिटं. आपली वाटी बरीच लहान, ती एका पळात बुडते.

हे पळाचं गणित गेमला इतकं फिट बसतं की मलाच मजा वाटली. 60 पळांची एक घटका, म्हणजे पळ झालं 24 सेकंदांचं, आणि डी अँड डीमध्ये एक राउंड, म्हणजे लढाईत सगळ्यांची एकेक चाल, साधारण 6 सेकंदांचा. म्हणजे एक पळ बरोब्बर चार राउंड! वाटी पाण्यात सोडल्यापासून चार राउंड बिचवा जागा असतो, मग कुणीतरी ओरडायचं "घटका भरली" आणि खेळ खलास.

यातली खरी गंमत अशी की वाटी सोडायला जुन्या पाण्याचं भांडं जमिनीवर ठेवावं लागतं, आणि बिचवावाला तर लढतोय, मग भांडं कोण सांभाळणार? दुसरा प्लेयर. म्हणजे एकटाच हिरो आणि बाकीचे मोबाईल बघत बसलेत असं होत नाही. शत्रूला अक्कल असेल तर तो बिचव्याच्या नादी न लागता भांड्याला लाथ मारेल, असा एक तरी शत्रू ठेवाच.

त्या चार राउंडमध्ये काय करता येतं ते मोजकं ठेवा. मी दोनच गोष्टी दिल्यात. पहिली, पातं ज्या वस्तूला किंवा प्राण्याला लागलं ते एक राउंड जागीच गोठतं, पण गोठलेल्याला इजाही होत नाही, नाहीतर सगळे आधी गोठवून मग आरामात कापत बसतील. दुसरी, पातं लागलेली एक गोष्ट एक राउंड मागं जाते, तिची जागा, जखमा, हातातलं सामान सगळं. फक्त तीच हं, अख्खं जग नाही. अख्खं जग मागं न्यायची परवानगी दिलीत तर कुणाचे किती हिट पॉइंट (किती मार सोसायची ताकद उरलीय त्याचा आकडा) होते यावरून टेबलावर भांडणं लागतील. तरी हिशोब ठेवायला लागतोच, त्यासाठी वाटी पाण्यात पडली की प्रत्येक राउंडच्या सुरुवातीला मॅपचा मोबाईलवर एक फोटो काढा आणि शेजारी कागदावर हिट पॉइंट लिहा, एवढ्यात काम होतं.

मागं गेलेल्याला झालेलं आठवतं का? माझं मत, नाही, फक्त बिचवावाल्याला आठवतं. कैद्याकडून एक वाक्य काढून घ्यायचं आणि मग त्याला ते बोलायच्या आधी नेऊन सोडायचं, हा वापर मारामारीपेक्षा कितीतरी भारी आहे.

किंमत सोपी. जितके राउंड गोठवले किंवा मागं नेले तितके राउंड वाटी बुडाल्यावर बिचवावाला स्वतः गोठतो, वाण्याच्या उधारीसारखं, आणि ही उधारी टाळायला कुठलाही स्पेल, म्हणजे जादूचा मंत्र, चालणार नाही असं आधीच सांगून टाका. त्याला मात्र इजा होऊ शकते, म्हणून चारही राउंड वापरायचा मोह झाला तर पार्टीला आधी त्याच्याभोवती उभं राहायचा प्लॅन करावा लागतो.

शेवटचं, बिघाड. लीलावतीची गोष्ट माहितीये ना, भास्कराचार्यांच्या मुलीची, तिच्या मुंडावळ्यातला मोती घटिकापात्रात पडून भोक बुजलं आणि मुहूर्त टळला असं सांगतात. तेच इथं वापरा. भोकात राईचा दाणा जरी अडकला तरी वाटी बुडत नाही, म्हणजे घटका भरतच नाही, ऐकायला मस्त वाटतं पण पावर मात्र चार राउंडनंतर संपलेलीच असते आणि उधारी सुरू होते ती थांबत नाही, कुणीतरी जाऊन दाणा काढेपर्यंत बिचवावाला गोठलेलाच. हा दाणा टाकणारा माणूस पार्टीच्या ओळखीतलाच निघाला तर अजून छान, पण तो पाचव्या-सहाव्या सेशनच्या आधी आणू नका, तोवर त्यांना बिचवा नीट वापरू द्या.